एक ट्रक, दहा महिने आणि दुसऱ्याच्या फोनवर जाणारे ओटीपी

गेल्या पाडव्याला, म्हणजे ३० मार्च २०२५ ला, नव्या चेसिसच्या, म्हणजे बॉडी न बांधलेल्या ट्रकच्या, कॅबिनला हार घातला तेव्हा माझ्या हातात पेढ्यांचा पुडा होता आणि गाडीचे सगळे कागद एजंटच्या पिशवीत होते. आज जानेवारी संपत आलाय. गाडी पन्नास हजार किलोमीटरच्या पुढे गेली आणि कागद आता माझ्या पिशवीत आहेत. पण एका पिशवीतून दुसऱ्या पिशवीत यायला त्यांना पाच महिने लागले, आणि तेवढ्यात माझे जे पैसे गेले ते डिझेलच्या वहीत कुठेच दिसत नाहीत. ॲव्हरेज किती देते, घाटात कशी ओढते, हे सांगणारे पुष्कळ आहेत. मी कागदांबद्दलच लिहितो.

आम्ही सांगलीचे. वडिलांनी पंचवीस वर्षं दुसऱ्यांच्या गाड्या चालवल्या, मी खताच्या दुकानात हिशोब लिहीत होतो. इंजिनाचा आवाज ऐकून काय बिघडलंय ते वडील सांगतात, पण परमिट कुणाच्या नावावर आणि कधीपर्यंत, हे त्यांना कुठल्याच मालकाने कधी सांगितलं नव्हतं. मला तर काहीच माहीत नव्हतं.

गाडी सहा टायरची, एकूण वजन १८.५ टन. जुलै २०१८ मध्ये केंद्राने ॲक्सलवरचा भार वाढवला, त्याआधी हीच गाडी १६.२ टनांची असायची. बॉडीसकट रिकामी साडेसहा टनांच्या आसपास, म्हणजे माल बारा टनांच्या आत. ‘पासिंग किती?’ असं दलाल विचारतो तेव्हा हा आकडा सांगायचा. आणि ‘पासिंग झालं का?’ असं बॉडीवाला विचारतो तेव्हा आरटीओतली तपासणी. पहिल्या महिन्यात मी दोघांनाही उलटी उत्तरं दिली आहेत.

(ज्यांना नुसता छोटा हत्ती घ्यायचाय त्यांनी घाबरू नये. एकूण वजन ३,००० किलोपर्यंत असेल तर मालवाहतुकीचं परमिटच लागत नाही. आणि ७,५०० किलोपर्यंतची गाडी साध्या हलक्या वाहनाच्या लायसनवर चालवता येते, हे सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये पक्कं केलंय. पुढचं बरंचसं तुम्हाला लागू नाही.)

पहिली चूक बॉडीची. कंपनीतून पूर्ण बांधून आलेली गाडी घेतली की पहिल्या दोन वर्षांचा फिटनेस, म्हणजे गाडी रस्त्यावर चालवण्याजोगी असल्याचा दाखला, नोंदणीबरोबरच मिळतो, तपासणीला न्यावं लागत नाही. मी चाळीसेक हजार वाचवायला चेसिस घेतली आणि बॉडी बाहेर बांधली. म्हणजे आधी तात्पुरता नंबर, मग बॉडी, मग इन्स्पेक्टरसमोर हजेरी. पहिल्या हजेरीला गाडी परत पाठवली. कारण दोन. चमकणारी पट्टी पुढे पांढरी, बाजूंना पिवळी आणि मागे लाल लागते. बॉडीवाल्याने मागेही पिवळीच मारली होती. आणि फाळक्याखाली जी आडवी दांडी असते, मागून आलेली कार खाली घुसू नये म्हणून, ती जमिनीपासून ५५० मिलिमीटरच्या वर असता कामा नये. इन्स्पेक्टरांनी टेप लावला, ६१० भरले. मला राग आला होता. वडील मात्र बाजूला उभे राहून म्हणाले, ‘बरोबर आहे त्यांचं, मी अशा दांडीखालून माणूस काढलाय.’ दांडी खाली घेऊन वेल्डिंग, पुन्हा रंग, पुन्हा वेळ. नंबर पडायला मे उजाडला आणि वाचवलेल्या चाळीस हजारांतले निम्मे, गाडी उभी असताना भरलेल्या हप्त्यांत गेले.

दुसरी चूक तेव्हा कळलीच नाही. शोरूममध्ये अर्ज भरताना एजंटने विचारलं, ‘दादा, ओटीपी येत राहतील, तुम्हाला कशाला त्रास? माझा नंबर टाकू?’ मी टाका म्हटलं. हा प्रश्न आता कुणी विचारला तर मी उठून बाहेर जाईन.

जुलैच्या शेवटी रात्री दीड वाजता आमच्या ड्रायव्हरमामांचा फोन. टोलनाक्यावर फास्टॅग चालत नाही, दुप्पट मागतात. टॅगमध्ये पैसे होते. मामांनी दुप्पट भरले, पुढच्या नाक्यावर पुन्हा दुप्पट. सकाळी बँकेत फोन केला तेव्हा उलगडा झाला. गाडी घेतली तेव्हा टॅग चेसिस नंबरवर दिला होता. नव्वद दिवसांच्या आत त्यावर गाडीचा खरा नंबर चढवायचा असतो. नाही चढवला की टॅग हॉटलिस्टमध्ये, आणखी तीस दिवसांनी काळ्या यादीत. ‘सर, आम्ही नोंदवलेल्या मोबाइलवर मेसेज पाठवलेत.’ शेवटचे चार आकडे विचारले. एजंटचे.

मग मी आरसीवरचा, म्हणजे नोंदणीपत्रावरचा, नंबर घालून बाकीचं तपासायला बसलो. सरकारच्या ‘वाहन’ नावाच्या नोंदणी प्रणालीत तोच मोबाइल. विम्यावर तोच. चार ई-चलनं आलेली, त्यांतली दोन एकाच आठवड्यात एक्सप्रेसवेच्या घाटातली, जिथे तेव्हा अवजड गाड्यांना ताशी ४० ची मर्यादा होती. पहिला मेसेज मला आला असता तर दुसरी चूक मामांनी केली नसती. माणूस ऐकतो, पण सांगणाऱ्याला कळायला तर हवं. एजंटला विचारलं तर तो प्रामाणिकपणे चकित झाला. ‘अहो दादा, माझ्याकडं दीडशे गाड्या आहेत, सगळ्यांचा माझाच नंबर असतो.’ दीडशे गाड्यांचे मेसेज एका फोनवर. तो वाचणार तरी कधी?

त्याने फसवलं असं मी म्हणत नाही. पण ज्या मोबाइलवर ओटीपी येतो, कागदावर नाव कुणाचंही असलं तरी गाडीचं काम त्या मोबाइलवाल्याच्या हातात असतं. परमिट नवीन करायचं, त्याला विचारा. पत्ता बदलायचा, त्याला विचारा. गिऱ्हाईक तुटत नाही त्याचं. दुरुस्ती अगदी साधी निघाली: परिवहनच्या साइटवर मोबाइल नंबर बदलण्याची सोय आहे, गाडीचा, चेसिसचा आणि इंजिनाचा नंबर आरसीवरून बघून भरायचा. माझं दहा मिनिटांत झालं. टॅगला मात्र तीन दिवस आणि गाडीचे फोटो तीनदा.

परमिटबद्दल. आमच्या भागात नॅशनल परमिटशिवाय धंदा होतच नाही. मिरजेहून निघालं की म्हैसाळ सोडल्यावर लगेच कागवाड, म्हणजे कर्नाटक; चहा पिऊन होईपर्यंत राज्य बदलतं. नॅशनल परमिटची वर्षाची एकत्रित फी १६,५०० रुपये आणि अधिकारपत्राचे १,०००. मूळ मालवाहतूक परमिटची फी वेगळी, ती फार नाही. एजंटने ‘सगळं मिळून’ बावीस हजार घेतले होते. पावत्या मी ऑगस्टमध्ये स्वतः लॉगिन करून काढल्या तेव्हा फरक दिसला. मेहनताना घ्यावा, पण तो मेहनताना म्हणून सांगावा. जुनी गाडी घेणाऱ्यांनी एवढं लक्षात ठेवा की १२ वर्षांवरच्या साध्या ट्रकला नॅशनल परमिट मिळत नाही, मल्टिॲक्सलला, म्हणजे दोनपेक्षा जास्त ॲक्सलच्या गाडीला, १५ पर्यंत मुभा आहे. स्वस्तात मिळणारी अकरा वर्षांची गाडी का स्वस्त असते ते यावरून कळेल. विनापरमिट सापडलात तर कायद्यात दहा हजार दंड आहे. ओव्हरलोडला वीस हजार, वर प्रत्येक जादा टनाला दोन हजार, आणि जादा माल तिथेच उतरवायचा. व्यापारी ‘अजून दोन टन टाका हो’ म्हणतो तेव्हा मी त्याला हा हिशोब वजनकाट्यावरच सांगतो. निम्मे व्यापारी ऐकतात.

उद्यम नोंदणी, म्हणजे छोट्या धंद्याची सरकारी नोंदणी, आधारवर फुकट होते, त्यासाठी कुणी पैसे मागितले तर देऊ नका. गुमास्ता, म्हणजे दुकान-आस्थापनेची नोंदणी, तीही तेव्हाच्या नियमाने दहापेक्षा कमी माणसं असल्याने नुसती ऑनलाइन सूचना देऊन झाली. संपलं.

जीएसटीने मात्र माझे दोन महिने खाल्ले, कारण प्रत्येक जण वेगळं सांगायचा. सीएने शेवटी कागदावर काढून दाखवलं. सगळं बिल्टीवर, म्हणजे माल वाहायला घेतल्याच्या पावतीवर, आहे. गाडी दुसऱ्या ट्रान्सपोर्टला भाड्याने लावली आणि बिल्टी त्यांनी फाडली, तर माझ्या भाड्यावर जीएसटी नाही. स्वतःची बिल्टी फाडली की मी जीटीए, म्हणजे मालवाहतूक एजन्सी, आणि माल पाठवणारी किंवा घेणारी नोंदणीकृत पार्टी रिव्हर्स चार्जने, म्हणजे माझ्याऐवजी स्वतःच, ५ टक्के भरते. माझं सगळं काम असंच असेल तर मला नोंदणी घ्यावी लागत नाही. मी स्वतः कर लावायचं ठरवलं तर ५ टक्के, क्रेडिटशिवाय, म्हणजे खरेदीवर भरलेल्या कराची वजावट न घेता. क्रेडिट हवं असेल तर सप्टेंबरपर्यंत १२ होते, आता १८. एका गाडीवाल्याला रिव्हर्स चार्ज बरा.

हा बदल २२ सप्टेंबर २०२५ चा. त्याच दिवशी ट्रकवरचा जीएसटी २८ वरून १८ वर आला. मूळ किमतीच्या दर वीस लाखांमागे दोन लाखांचा फरक. पाडव्याला मुहूर्त होता, घटस्थापनेलाही होता. आम्ही पहिला धरला. यावर घरात बोलायचं नाही असं ठरलंय. त्यात १ ऑक्टोबरपासून बनणाऱ्या ट्रकना एसी कॅबिन सक्तीची झाली. मामा अधूनमधून आपल्या कॅबिनमधल्या पंख्याकडे बघतात आणि मग माझ्याकडे.

सगळ्यात चांगला अनुभव कुणाचा विचाराल तर ई-वे बिलाचा, म्हणजे मालासोबत लागणाऱ्या ऑनलाइन वाहतूक परवान्याचा. जीएसटी नोंदणी नसली तरी वाहतूकदार म्हणून नाव नोंदवून पंधरा अंकी आयडी घेता येतो. तो मी ऑगस्टनंतर घेतला, स्वतःच्या मोबाइलवर. पन्नास हजारांवरच्या मालाला बिल लागतं, महाराष्ट्रातल्या महाराष्ट्रात ही मर्यादा एक लाख आहे, आणि मुदत दर २०० किलोमीटरला एक दिवस. दिवाळीनंतर तासगावचा बेदाणा घेऊन गाडी इंदूरला निघाली. बिलावर चार दिवस होते. वाटेत क्लच प्लेट गेली, दोन दिवस गॅरेजमध्ये. मुदत संपली की माल अडकतो आणि दंड कराच्या दुप्पट बसू शकतो. पण मुदत संपायच्या आठ तास आधीपासून संपल्यावर आठ तासांपर्यंत ती वाढवून घेता येते. रात्री अकराला मी जेवणाच्या ताटावरून उठलो, लॉगिन, ओटीपी माझ्याच फोनवर, कारण भरलं ‘वाहन नादुरुस्त’, गाडी कुठे उभी आहे तो पिनकोड, आणि नवी मुदत घेऊन पुन्हा ताटावर बसलो. भाकरी गारढोण झाली होती, पण हेच जुलैत घडलं असतं तर मी एजंटला उठवत बसलो असतो.

बिल्टीचा एक धडा राहिला. जूनमध्ये ताडपत्रीतून पाणी शिरून काही पोती भिजली. व्यापाऱ्याने पूर्ण किंमत मागितली. २००७ च्या रस्ते मालवाहतूक कायद्याखाली, मालाची जास्त किंमत बिल्टीवर जाहीर केलेली नसेल तर वाहकाची जबाबदारी भाड्याच्या दहापटीपर्यंत असते. बिल्टी ट्रान्सपोर्टची होती, मिटवलं त्यांनीच, माझ्या भाड्यातून कापून. पण मला कळलं की स्वतःची बिल्टी म्हणजे नुसतं पुस्तक छापणं नव्हे. कुणाचाही माल भाड्याने घ्यायचा तर त्याच कायद्याखाली वाहक म्हणून नोंदणी लागते, ती दहा वर्षं चालते. तो अर्ज सध्या तयार करतोय.

आयकराचं गणित सोपं आहे. दहापर्यंत गाड्या असतील तर कलम ४४एई, अवजड गाडीला महिन्याला दर टनामागे हजार रुपये उत्पन्न धरायचं. माझे १८,५००. एप्रिलभर गाडी बॉडीवाल्याकडे उभी होती, सीएने तो महिनाही धरला. कलम मालकीचे महिने मोजतं, चाकं फिरलेले नाही. ट्रान्सपोर्टला पॅन आणि दहापर्यंतच गाड्या असल्याचं घोषणापत्र दिलं की टीडीएस कापत नाहीत. हे घोषणापत्र मी न दिल्याने पहिल्या दोन भाड्यांतून कापला होता.

जुलैत राज्यभर वाहतूकदारांनी ई-चलन आणि क्लीनरच्या सक्तीविरुद्ध बंद पुकारला तेव्हा आमचीही गाडी उभी होती. माझी चार चलनं तेव्हा एजंटच्या फोनमध्ये पडून होती आणि मी चलनांविरुद्ध घोषणा देत होतो, एकही चलन न बघता.

आता मार्च येतोय. थर्ड पार्टी विम्याचा दर माझ्या वजनाला ३५,३१३ आहे. गेल्या वर्षी त्यावर १२ टक्के जीएसटी होता, आता ५ आहे, म्हणजे दर तोच राहिला तर अडीच हजारांच्या आसपास वाचतील. २९ तारखेला मुदत संपते. मेमध्ये परमिट आणि पहिली पीयूसी. काल एजंटचा मेसेज आला, ‘दादा विमा संपतोय, करून टाकू का?’ तारीख त्याला पाठ होती. कोटेशन पाठवा म्हटलंय. फॉर्म कोरा आणा, मोबाइलचा रकाना मी भरतो, हेही लिहिलं. त्याने अंगठा पाठवला.