देवबागची एक खानावळ आणि तिच्या मालकाचे जुने काम

मालवणहून तारकर्ली मागे टाकून देवबागच्या चिंचोळ्या पट्टीवर शिरले, की एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला कर्ली नदी दिसू लागते. या पट्टीवर, नदीच्या बाजूला, एका जुन्या कौलारू घराच्या पडवीत सहा टेबलांची खानावळ आहे. तिचे नाव मी देत नाही, कारण मालकाने तशी विनंती केली आहे. गावात मात्र तिला ‘टीव्हीतल्या पोराची खानावळ’ असेच म्हणतात, त्यामुळे विचारत गेल्यास कोणीही रस्ता दाखवील.

आधी जेवणाविषयी. आम्ही सुरमईची थाळी (४५० रुपये) आणि बांगड्याचे तिखले मागवले. सुरमईची तुकडी जाड होती, तिला तांदळाच्या पिठाचा आणि रव्याचा बेताचाच हात लावलेला होता आणि आतला मासा ओलसर राहिला होता. तिखल्यात तिरफळे ठेचून घातली होती आणि आंबटपणा आमसुलांचा होता. जिभेला हलकी बधिरता आणणारी तिरफळाची ती चव पर्यटकांसाठी चालवलेल्या हॉटेलांतून हल्ली जवळजवळ नाहीशी झाली आहे. सोलकढी घट्ट नारळाच्या रसाची होती. वडे मात्र निराशाजनक निघाले: गार झालेले आणि तेल प्यालेले. कोंबडी-वड्यांसाठी म्हणून कोणी तेथे जाऊ नये.

मालक आता तिशी ओलांडलेला आहे. वयाच्या आठव्या वर्षी तो एका मराठी दैनंदिन मालिकेत नायिकेचा मुलगा झाला आणि जवळजवळ तीन वर्षे रोज संध्याकाळी घराघरांत दिसला. वडिलांच्या नोकरीमुळे कुटुंब तेव्हा डोंबिवलीत राहत असे. आई त्याला पहाटेच्या लोकलने दादरला, तेथून गोरेगावच्या चित्रनगरीत घेऊन जाई. आठवड्याला एक भाग दाखवणाऱ्या दूरदर्शनच्या काळात मुलाची शाळा कशीबशी सांभाळली जात असे. रोजच्या मालिकेत चित्रित भागांचा साठा संपत आला, की रात्र केव्हा झाली हे कोणी पाहत नसे. पुढे २०१६ मध्ये बालकामगार कायद्यात दुरुस्ती झाली आणि २०१७ च्या नियमांनी बालकलाकाराचे काम दिवसाला पाच तासांपुरते, तेही विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून अधिक नाही, असे मर्यादित केले; त्याच्या कमाईतील किमान वीस टक्के रक्कम त्याच्याच नावे मुदतठेवीत ठेवणेही बंधनकारक झाले. या मालकाच्या वाट्याला यातले काहीच आले नव्हते. त्याची कमाई घरभाड्यात आणि धाकट्या बहिणीच्या शिक्षणात गेली, हे तो कोणताही रोष न दाखवता सांगतो. रोष त्याच्या आईला आहे, असे मला वाटले.

मग मालिकेने ‘लीप’ घेतली. कथा बारा वर्षे पुढे गेली, त्याच्या भूमिकेत एक तरुण नट आला आणि अकरा वर्षांचा हा मुलगा शाळेच्या बाकावर परतला. पुढची काही वर्षे स्नेहसंमेलनांची आणि गणेशोत्सवांची निमंत्रणे आली, तीही आवाज फुटल्यावर थांबली. लहानपणी पडद्यावर येणाऱ्या प्रत्येकाचे असेच होते असे मात्र नाही. २००८-०९ च्या ‘लिटिल चॅम्प्स’ या लहान मुलांच्या गायनस्पर्धेतील अलिबागची मुग्धा वैशंपायन आणि आरवलीचा प्रथमेश लघाटे आजही गातात, कारण गळा वयाबरोबर घडवता येतो, गोंडसपणा घडवता येत नाही. दशावताराच्या, म्हणजे रात्री रंगणाऱ्या लोकनाट्याच्या, या मुलुखात ‘रात्री राजा, सकाळी डोक्यावर बोजा’ असे म्हणतात. दशावतारी कलावंताला निदान पुढच्या रात्री पुन्हा राजा होता येते.

हॉटेल व्यवस्थापनाचे शिक्षण घेऊन, मुंबईत काही वर्षे नोकरी करून तो आजोबांच्या घरी परतला. जुन्या कामाची खूण वाढण्यात दिसते. कोणत्या टेबलावर काय संपले आहे हे न बघितल्यासारखे करून तो बघतो, आणि तीन टेबलांची ताटे एकाच वेळी, न घाई करता येतात. कोणी ‘तो तूच ना?’ असे विचारले, तर ‘होय’ म्हणून लगेच ‘मासे आत्ताच इले हत’ असे सांगतो. छायाचित्राला नकार देत नाही, पण उभा राहतो तो चुलीपाशीच, हातात उलथने घेऊन.

दोन सूचना कराव्याशा वाटतात. भाव फलकावर लिहिलेले नसल्यामुळे बिलाच्या वेळी संकोच होतो, तेव्हा ते लिहावेत. जून-जुलैत यांत्रिक मासेमारी बंद असते, त्या काळात येणाऱ्यांनी आधी चौकशी करावी. बर्फातला मासा तो वाढत नाही आणि सुक्या बांगड्यावर भागवावे लागते.

दुपारी तीननंतर जाऊ नये. चूल विझलेली असते आणि पडवीतल्या बाकावर मालक गाढ झोपलेला असतो. त्याला कोणी उठवायचे नाही, अशी त्याच्या आईची सक्त ताकीद आहे.