६,४९९ रुपयांचा रेट्रो गेमिंग हँडहेल्ड मागवला आणि हातात ५५० चं खेळणं आलं (वाचा आणि सावध व्हा)

तीन आठवडे झाले तरी अजून रात्री मध्येच जाग येते आणि तोच व्हिडिओ डोळ्यासमोर फिरतो. बायको म्हणाली झालं ते झालं, कशाला सगळीकडे सांगत बसतोस. पण मी लिहिणार, कारण तो माणूस अजून धंदा करतोय आणि मी गप्प बसलो तर उद्या तुमच्यापैकी कोणीतरी त्याच्या नंबरवर पैसे टाकेल.

एकूण गेले ७,९१८ रुपये. हिशोब आधीच देतो, ९९९ बुकिंगचे यूपीआयने, ५,५०० डिलिव्हरीच्या वेळी रोख, २४९ रिटर्न पिकअपचे आणि १,१७० 'रिफंडवरचा जीएसटी'. शेवटच्या दोन आकड्यांवरून मला जे ऐकायचं होतं ते घरात ऐकून झालंय.

आधी हे सांगतो की घेतला कशासाठी. माझा दादा स्कूटरवरून पडला, नडगीचं हाड मोडलं, सहा आठवडे प्लास्टर. दिवसभर पलंगावर, मोबाईल बघून बघून वैतागलेला. लहानपणी सुट्टीत मामाकडे गेलो की गल्लीच्या तोंडाशी एक दुकान होतं, तिथे पाच रुपये तास व्हिडिओ गेम मिळायचा. कॅसेट लागली नाही की काढून तिच्यात फुंकर मारायची आणि परत बसवायची. आम्ही फक्त कॉन्ट्रा खेळायचो, दादा पहिला प्लेयर म्हणजे निळा आणि मी लाल. वर वर खाली खाली डावं उजवं डावं उजवं बी ए, तीस लाईफ. पुढे कॉलेजात असताना मित्राच्या प्लेस्टेशनवर टेकन थ्रीचं वेड लागलं. तर मला वाटलं की एक हँडहेल्ड, म्हणजे हातात धरून जुने गेम खेळायचं छोटं मशीन, घेऊन देऊ, पडल्या पडल्या खेळेल, आणि रविवारी मी गेलो की टीव्हीला लावून दोघं खेळू.

मी काही न बघता उडी मारली नाही हो. दहा-बारा दिवस रिव्ह्यू बघितले. अँबरनिकचा आरजी ३५ एक्सएक्स प्लस पक्का केला. उभा, जुन्या गेमबॉयच्या आकाराचा, साडेतीन इंची स्क्रीन, ६४० बाय ४८० रिझोल्यूशन, ३,३०० एमएएचची बॅटरी, टीव्हीला जोडायला मिनी एचडीएमआय आणि प्लेस्टेशन वनपर्यंतचे गेम आरामात चालतात. मियू मिनी प्लस पण बघितला होता पण त्याला टीव्हीला जोडायची सोय नाही म्हणून सोडला. अडचण एवढीच की या वस्तू आपल्याकडे शोरूमला मिळत नाहीत. अलीएक्सप्रेस ही चिनी शॉपिंग साइट नोव्हेंबर २०२० मध्ये भारतात बंद झाली, बाहेरून मागवलं की कस्टमची कटकट, त्यामुळे हा छंद असलेले बरेच जण कोणीतरी बाहेरून आणून विकणारा शोधतात. मीही तेच केलं. यात माझा काय मूर्खपणा होता ते मला अजून कोणी समजावून सांगितलेलं नाही.

रील बघताना जाहिरात आली. पेजला १४ हजार फॉलोअर, फोटो चांगले, व्हिडिओमध्ये खरंच टेकन थ्री चाललेलं. (पोस्टवरच्या कमेंट बंद होत्या हे मी नंतर बघितलं. तुम्ही आधी बघा. कमेंट बंद असलेल्या पेजवरून रुपयाची वस्तू घेऊ नका.) व्हॉट्सॲपवर मेसेज टाकला तर पलीकडून मराठीत उत्तर. 'भाऊ, आपलाच माणूस आहे, टेन्शन नका घेऊ.' फोनवर पण अगदी नीट बोलला, दादाच्या पायाची चौकशी केली! कुठलं हॉस्पिटल, टाके किती पडले. पूर्ण पैसे आधी मागितले असते तर मी तिथेच थांबलो असतो, पण तो म्हणाला ९९९ फक्त बुकिंगला, बाकी ५,५०० वस्तू हातात आल्यावर. कॅश ऑन डिलिव्हरी म्हटलं की आपल्याला वाटतं आपले पैसे सुरक्षित आहेत. अजिबात नाहीत. कुरिअरवाला पैसे घेतल्याशिवाय पार्सल फोडू देत नाही, मग ते आधी दिलेल्या पैशासारखंच झालं ना.

आता तो क्षण सांगतो ज्याच्यावरून मी स्वतःला माफ करू शकत नाही.

पैसे टाकायच्या आधी मी त्याला म्हटलं की माझ्यासाठी जो पीस पाठवणार आहात त्याचा व्हिडिओ पाठवा, त्यात टेकन चालू करून दाखवा आणि मागची बाजू दाखवा. मागची बाजू कशाला, तर त्या मशीनला एल आणि आरची चार बटणं पाठीमागे असतात, स्वस्तातल्या खेळण्यांना ती नसतात. म्हणजे मला काय विचारायचं ते माहीत होतं, मी बरोबर तेच विचारलं. त्याने २२ सेकंदांचा व्हिडिओ पाठवला. पिवळ्या फुलांचा मेणकापडाचा टेबलक्लॉथ, त्याच्यावर हात, अंगठ्यात लाल खड्याची अंगठी, स्क्रीन इतकी जवळून घेतलेली की मशीनची कड पण दिसत नव्हती, तळहात पाठीमागे पूर्ण झाकून धरलेला आणि स्क्रीनवर मारिओ पळतोय. मी लिहिलं, टेकन कुठाय? तो म्हणाला, 'भाऊ टेकन कार्डात आहे, तुमचं कार्ड पॅकिंगला गेलं, हा खाली पीस आहे.'

खाली पीस, म्हणजे कार्ड नसलेला रिकामा! अहो त्या मशीनमध्ये कार्डाशिवाय काहीच चालू होत नाही. गेम सोडाच, त्याची सिस्टीमसुद्धा मेमरी कार्डावर असते, कार्ड काढलं की पडदा काळा. हे मी स्वतः चार रिव्ह्यूमध्ये ऐकलं होतं. मग कार्ड पॅकिंगला गेलं तर मारिओ कशावर पळत होता? एवढा साधा प्रश्न माझ्या डोक्यात आला नाही. मी लिहिलं 'ओके भाऊ' आणि ९९९ पाठवले. पाठवताना यूपीआयवर नाव आलं ते पेजचं नाही, त्याने सांगितलेलं पण नाही, तिसऱ्याच कोणाचं तरी. विचारलं तर म्हणे वाईफचं अकाउंट आहे. त्या दिवशी ऑफिसात तिमाहीचं क्लोजिंग होतं, मी जेवायला पण उठलो नव्हतो, डोकं दुसरीकडे होतं, त्याला नीट वेळ द्यायला हवा होता तो दिला नाही. खरं ते सांगितलं.

पाच दिवसांनी पार्सल दादाच्या घरी आलं. मी ऑफिसात. वहिनींचा फोन आला, भाऊजी पार्सलवाला आलाय, साडेपाच हजार मागतोय. मी म्हटलं वहिनी देऊन टाका, संध्याकाळी आलो की देतो. त्यांनी घरखर्चाच्या डब्यातले काढून दिले. फोडू नका, मी आल्यावर फोडू असंही मीच सांगितलं, दादाला सरप्राईज म्हणून.

संध्याकाळी दादाच्या समोर बॉक्स उघडला. आत लाल रंगाचा 'सुप' लिहिलेला ४०० इन १ गेम. जत्रेत, खेळण्यांच्या दुकानात टांगलेले असतात ते. पाठीमागे एकही बटण नाही, सपाट. कार्डाला जागाच नाही. मागचं झाकण नखाने उघडलं तर आत जुन्या नोकियाच्या फोनमध्ये असायची तसली चपटी बॅटरी. यात प्लेस्टेशनचा गेम चालणं शक्यच नाही, कारण आत फक्त त्या जुन्या आठ बिटच्या मशीनची नक्कल असते, १९८३ च्या फॅमिकॉम या कॅसेटवाल्या मशीनच्या काळातली. गेम सेव्ह पण होत नाही, बंद केलं की पुन्हा पहिल्यापासून. दादा काही बोलला नाही. यादीत कॉन्ट्रा शोधून चालू केलं आणि म्हणाला, 'असू दे रे, हे तर आहे.' वहिनी दारात उभ्या होत्या. मला त्या क्षणी तिथून उठून जावंसं वाटलं. दुसऱ्या दिवशी तोच डबा, तोच रंग, आमच्या भागातल्या दुकानात विचारला, ५५० रुपये.

मी त्याला फोन केला, भांडलो. तो शांतपणे म्हणाला गोडाऊनची चूक झाली भाऊ, कस्टमर केअरचा फोन येईल. आला पण. बाई एकदम सभ्य, ऑर्डर नंबर, पत्ता सगळं तिला माहीत. रिटर्न पिकअपला २४९ भरा, रिफंडसोबत परत मिळतील. भरले. मग म्हणे ६,४९९ चा रिफंड तयार आहे पण १८ टक्के जीएसटी आधी भरावा लागतो, १,१७० रुपये. मी बारा वर्षं अकाउंट्सला आहे, जीएसटीची रिटर्न मीच भरतो, परताव्यावर गिऱ्हाईकाने जीएसटी भरायचा नसतो हे मला झोपेत पण सांगता येईल. तरी भरले, कारण वहिनींचे पैसे कसेही करून परत आणायचे हेच डोक्यात होतं, आणि या लोकांना नेमकं तेच माहीत असतं. एकदा फसलेला माणूस घाईत असतो. रिफंड द्यायला कोणी पैसे मागितले की फोन ठेवा, पुढचं वाक्यसुद्धा ऐकू नका.

त्यानंतर नंबर बंद, मी ब्लॉक.

आता यंत्रणेचं ऐका. १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला फोन केला, यूपीआयचे तीन व्यवहार नोंदवून घेतले, पोचपावतीचा नंबर आला. रोखीचे ५,५०० त्यात बसत नाहीत म्हणे, पोलीस ठाण्यात जा. ठाण्यात गेलो. पहिल्या दिवशी साहेब बंदोबस्ताला. दुसऱ्या दिवशी दीड तास बाकावर बसवून सांगितलं ही ग्राहक मंचाची केस आहे. मी म्हटलं साहेब, दाखवलं एक आणि दिलं दुसरं, वर खोट्या रिफंडच्या नावाने पैसे घेतले, ही फसवणूक नाही का, पूर्वीचं ४२० म्हणजे आताच्या न्याय संहितेचं ३१८? तर म्हणे पार्सल आमच्या हद्दीत बुक झालेलं नाही. अरे पण हद्द कुठलीही असो तक्रार घ्यायची असं १ जुलै २०२४ पासूनच्या नव्या कायद्यात लिहिलंय, झिरो एफआयआर कशाला आहे मग? तिसऱ्या दिवशी एक जण म्हणाला, तुम्ही मागवलेल्या त्या मशीनमधले गेम ओरिजिनल असतात का? मी गप्प झालो. नसतात, विकणारे कार्डात असेच भरून देतात, हे खरं आहे. पण म्हणून मला लुटायची परवानगी मिळते का कोणाला? शेवटी साधा अर्ज घेतला, शिक्का मारून दिला, एफआयआर नाही.

बँक म्हणते पिन तुम्हीच टाकलात. कुरिअर कंपनी म्हणते आम्ही फक्त डबा पोचवतो, आत काय आहे ते पाठवणाऱ्याला विचारा. पाठवणाऱ्याचा पत्ता काय, तर लेबलवर एक गाळा नंबर, रस्त्याचं नाव नाही आणि पिनकोड त्या गावाचा नाहीच. ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या वस्तूला फी लागत नाही म्हणून ऑनलाईन अर्ज भरायला बसलो, तिथे विरुद्ध पक्षाचं नाव आणि पत्ता पाहिजे. तो असता तर मी कशाला सगळीकडे फिरलो असतो? पाठवणाऱ्याची खरी माहिती कुरिअरकडे आहे, खातं कोणाचं ते बँकेकडे आहे, दोघंही म्हणतात पोलिसांनी मागितली तर देऊ, आणि पोलीस म्हणतात ग्राहक मंचात जा. असे माझे सुट्टीचे चार दिवस गेले.

एक गोष्ट मला उशिरा कळली ती तुम्हाला आधीच सांगतो. कॅश ऑन डिलिव्हरीचे पैसे विकणाऱ्याला लगेच मिळत नाहीत, कुरिअरकडून त्याच्याकडे जायला काही दिवस लागतात. म्हणून डबा उघडल्या उघडल्या, त्याच तासाला, लेबलवरचा एडब्ल्यूबी नंबर (पार्सलचा ट्रॅकिंग नंबर) टाकून कुरिअर कंपनीला आणि ज्यांच्यामार्फत बुकिंग झालंय त्यांना ईमेल करा की फसवणूक आहे, पैसे थांबवा. मी ते दोन दिवस रिफंडच्या बाईशी बोलत घालवले. लेबल फाडून टाकू नका. पार्सल फोडताना लेबलपासून सलग व्हिडिओ काढा, माझ्याकडे तो नव्हता आणि प्रत्येकाने पहिला तोच मागितला.

आणि मशीन घेणारच असाल तर विकणाऱ्याला सांगा की आजची तारीख कागदावर लिहून शेजारी ठेवा, मशीन पालथं करून बटणं दाखवा, कार्ड काढून परत घालून चालू करा. खरा विकणारा दोन मिनिटांत करतो. टाळाटाळ केली की संपलं.

वहिनींचे ५,५०० मी त्याच रात्री दिले. त्या नको नको म्हणत होत्या. दादाचं प्लास्टर अजून दोन आठवडे आहे.

परवा बायकोच्या फोनवर परत तीच जाहिरात आली. पेजचं नाव वेगळं, किंमत आता ५,९९९, कमेंट बंद. मी बायकोच्या नंबरवरून व्हिडिओ मागवला तर तोच २२ सेकंदांचा आला. पिवळ्या फुलांचा मेणकापडाचा टेबलक्लॉथ, अंगठ्यात लाल खड्याची अंगठी, तळहात पाठीमागे. हा व्हिडिओ तुम्हाला आला असेल तर पैसे टाकू नका, आणि टाकले असतील तर तुमचा एडब्ल्यूबी नंबर आणि १९३० ची पोचपावती घेऊन मला कळवा. सोमवारी मी परत ठाण्यात जाणार आहे, या वेळी एकट्याचा अर्ज घेऊन जायचं नाहीये.