थोरा हर्ड की पॅट्रिशिया रूटलेज: आधी कोणाला पाहावं?

ब्रिटिश टीव्हीवरच्या चरित्र अभिनेत्री पाहायच्या ठरवल्या आणि सुरुवात कुठून करावी हे सुचत नसेल, तर थोरा हर्ड (१९११–२००३) आणि पॅट्रिशिया रूटलेज (१९२९–२०२५) या दोघींतून एक निवडा. दोघी इंग्लंडच्या वायव्येकडच्या, आणि दोघींना लेखकही तेच लाभले: विनोदी मालिकेला रॉय क्लार्क, स्वगतांना अ‍ॅलन बेनेट.

नुसतं हसायचं असेल तर रूटलेज. लिव्हरपूल विद्यापीठात शिकलेल्या, गळा उत्तम, १९६८ साली ब्रॉडवेवर टोनी हा अमेरिकेचा मोठा नाट्यपुरस्कार मिळवलेला. घराघरांत पोचल्या त्या मात्र एकसष्टाव्या वर्षी, 'कीपिंग अप अपिअरन्सेस'मधल्या (१९९०–९५) हायसिंथमुळे. आडनाव 'बकेट', पण बाई सगळ्यांना 'बुके' म्हणायला लावते. फोन उचलताना तिचा आवाज कसा चढतो ते ऐका. उच्चार स्वच्छ, त्यामुळे आपल्याला सबटायटल्सची फारशी गरज पडत नाही.

हर्ड यांचं इंग्रजी कानाला जड जातं, सबटायटल्स लावाच. त्या आठ आठवड्यांच्या असताना रंगमंचावर आल्या आणि पुढे दहा वर्षं मोरकम गावातल्या को-ऑप (सहकारी) दुकानात नोकरी केली. 'लास्ट ऑफ द समर वाइन'मधली त्यांची ईडी नवऱ्याला घरात वर्तमानपत्रं अंथरून त्यांवरून चालायला लावते. गंमत आहे, पण मालिका संथ आहे. तिथून सुरुवात करू नका.

खरा कस लागतो बेनेटच्या 'टॉकिंग हेड्स'मध्ये (१९८८). एक माणूस, एक कॅमेरा, अर्धा तास. रूटलेजची आयरीन तक्रारींची पत्रं लिहिते. शेजारच्या मुलाची आबाळ होते असं ती ठामपणे लिहीत राहते, आणि ते मूल आजारी असतं. आयरीन तुरुंगात जाते आणि तिथे आयुष्यात पहिल्यांदा सुखी होते. एवढा मोठा पालट रूटलेज आवाज न चढवता दाखवतात.

हर्डची डोरिस पंचाहत्तरीची, एकटी. लग्नाचा फोटो पुसायला जाते आणि पडते. जमिनीवर बसून बोलता बोलता ती जन्मतःच गेलेल्या बाळाची आठवण काढते. सुईणीने त्याला वर्तमानपत्रात गुंडाळलेलं असतं. रात्री दाराशी आलेल्या पोलिसाला ती सांगते, मी ठीक आहे. हर्ड ते वाक्य इतक्या साधेपणाने म्हणतात की मला पुढे काही मिनिटं बोलता आलं नव्हतं. या कामासाठी त्यांना बाफ्टा हा ब्रिटनचा चित्रपट-टीव्ही पुरस्कार मिळाला.

माझं मत: एकच संध्याकाळ असेल तर हर्ड. मात्र घरी आई एकटी राहत असेल तर मन घट्ट करून बसा, किंवा त्या दिवशी हायसिंथच पाहा.

२०२० साली बीबीसीने जुन्या बारांपैकी दहा स्वगतं नव्या कलाकारांना घेऊन पुन्हा केली. आयरीन इमेल्डा स्टॉन्टन यांनी केली. वगळलेली दोन्ही हर्ड यांची होती.