अपघात क्लेमच्या वकीलबाई : काम चोख, जिना वाईट

मी फरशी फिटर. वय ३४. कराडकडून येताना हायवेच्या सर्व्हिस रोडवर टेम्पोनं मागून उडवलं. उजव्या गुडघ्यात प्लेट बसली. हाड जुळलं, पण पाय निम्म्याच्या पुढं दुमडत नाही. भरपाईचा क्लेम साताऱ्याच्या एका वकीलबाईंनी चालवला, त्याचा हा रिव्ह्यू. नाव टाकत नाही, कारण वकिलांना जाहिरात करायला बंदी आहे म्हणे आणि बाईंनाही ते आवडणार नाही.

दवाखान्यात असतानाच एक जण कॉटपाशी येऊन बसला होता. “सही करा, आत्ता एक रुपया नको, पैसे आले की पंचवीस टक्के.” बाईंना हे सांगितलं, तर म्हणाल्या, निकालावर हिस्सा ठरवून फी घेणं बार कौन्सिलच्या, म्हणजे वकिलांच्या संस्थेच्या, नियमात बसतच नाही. त्यांनी फी पहिल्याच भेटीत सांगितली, टप्प्याटप्प्यानं घेतली आणि दरवेळी पावती दिली.

मला बाई पटल्या त्या मात्र दुसऱ्याच गोष्टीनं. कागद बघायच्या आधी त्या म्हणाल्या, “फरशी कशी बसवता ते दाखवा.” म्हटलं, उकिडवं बसता येत नाही, मग दाखवू कसं? “हेच कोर्टाला सांगायचंय,” म्हणाल्या.

सिव्हिलच्या दाखल्यावर माझं अपंगत्व ३५ टक्के. घरी सगळ्यांना वाटलं, चला, ३५ टक्क्यांचे पैसे मिळतील. बाईंनी समजावलं की दाखल्यावरचा आकडा पायाचा असतो, कोर्टानं बघायचं ते कमाई किती बुडाली ते. खुर्चीत बसून लिहिणाऱ्याचा गुडघा आखडला तर त्याचा पगार चालू राहतो. फरशीवाल्याचा आखडला तर हातोडी आणि लेव्हल पिशवीतच राहते. सुप्रीम कोर्टाचा राजकुमार विरुद्ध अजय कुमार हा निकाल नेमका यावरच आहे. माणूस आधी काय काम करायचा, आता त्यातलं काय जमतं आणि दुसरं काही करून पोट भरेल का, हे तपासायला त्यात सांगितलंय.

हिशेब त्यांनी माझ्यासमोर कागदावर मांडला. महिना १५,००० धरले. चाळिशीच्या आतला, स्वतःचा धंदा करणारा, म्हणून पुढं कमाई वाढली असती त्याचे ४० टक्के मिळवून २१,०००. वर्षाचे २,५२,०००. त्याला वयाप्रमाणे ठरलेल्या आकड्यानं गुणतात, तो गुणक माझ्या वयाला १६, सुप्रीम कोर्टाच्या २००९ च्या सरला वर्मा निकालातल्या तक्त्यातला. झाले ४०,३२,०००. याचे ३५ टक्के म्हणजे १४,११,२००, आणि कमाई ७० टक्के बुडाली असं धरलं तर २८,२२,४००. दवाखान्याचा खर्च आणि वेदनांचे पैसे वेगळे. एका टक्क्याला ४०,३२० रुपये! तेव्हा कुठं मला कळलं की भांडण कशावरून आहे.

मग त्यांनी माझ्या ठेकेदाराला साक्षीला उभं केलं आणि मापाच्या जुन्या वह्या मागवल्या. ऑपरेशन केलेल्या डॉक्टरांना कोर्टात आणलं आणि एकच प्रश्न नीट विचारला, “हा माणूस दिवसभर गुडघ्यावर बसू शकेल का?” डॉक्टर म्हणाले, नाही. टेम्पोच्या विमा कंपनीच्या वकिलानं मला उलटतपासणीत विचारलं, चालत आलात ना? आलो की. चालत फरशी बसत नाही.

निकालात कमाईचं नुकसान ६० टक्के धरलं. उत्पन्न मात्र १२,००० च मानलं, कारण रोख मजुरीला कागद नाही. बसून करण्यासारखं काम जमेल म्हणून शंभर टक्के दिलं नाही, ते मला पटलं. हल्ली ठेकेदाराकडं मापं आणि एस्टिमेटचं काम बघतो. अर्ज केल्यापासूनचं व्याज धरलंय. रकमेचा काही भाग कोर्टानं एफडीत ठेवायला लावला, त्यावर आमच्या वडिलांचा राग अजून गेलेला नाही.

आता तक्रारी. क्लार्क फोन उचलत नाही. पुढची तारीख आदल्या रात्री कळते. निकाल लागायला वर्षं जातात, त्याला बाई काय करणार, पण एवढा वेळ लागेल हे सुरुवातीलाच सांगायला हवं होतं. मध्ये लोकअदालतीत तडजोडीचा आकडा आला, तेव्हा हो की नाही हे सांगायला आम्हाला कॉरिडॉरमध्ये जेमतेम दहा मिनिटं मिळाली. तिथं मिटवलं की अपील नाही, हे निदान आदल्या दिवशी समजावून सांगावं. आणि हाडं मोडलेल्यांचे क्लेम चालवणारं ऑफिस दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. याला काय म्हणावं?

पाचपैकी चार स्टार. जाणार असाल तर एफआयआर, पंचनामा, डिस्चार्ज कार्ड आणि औषधांची सगळी बिलं घेऊन जा, मेडिकलच्या बारक्या चिठ्ठ्यासुद्धा. क्लेमच्या अर्जाला कायद्यात अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे (हा नियम १ एप्रिल २०२२ पासूनचा), प्लास्टर निघायची वाट बघू नका. जिना चढवत नसेल तर क्लार्कला नको, बाईंना व्हॉट्सॲप करा. खाली चहाच्या टपरीवर येऊन कागद बघतात.