उडो कीर की मिशेल लॉन्सडेल?

दिग्दर्शकांची नावं धरून युरोपीय सिनेमा बराच बघून झाला, की एखाद्या चरित्र अभिनेत्याचा माग काढत बघावा. माझ्यापुढे ही दोन नावं होती. दोघंही बहुतेकदा दोन-तीन प्रसंगांपुरते येतात आणि भाव खाऊन जातात.

वैविध्य हवं असेल तर कीर. जर्मन दिग्दर्शक फासबिंडरपासून डॅनिश लार्स फॉन त्रिअरपर्यंत तो कुठेही भेटतो. ‘मेलँकोलिया’त (२०११) लग्नाची व्यवस्था त्याच्याकडे आहे. नवरीने सगळा विचका केला म्हणून ती समोर आली की हा चेहऱ्यापुढे हात धरतो! तेवढ्यासाठी मी तो चित्रपट पुन्हा लावतो.

माझं अडलं ते आवाजापाशी. त्या काळी इटलीत आवाज बहुधा नंतर भरत. ‘सस्पिरिया’ या इटालियन चित्रपटात (१९७७) चेहरा कीरचा, पण इंग्रजी आवाज दुसऱ्याचाच. ‘ब्लड फॉर ड्रॅक्युला’तले (१९७४) त्याचे जर्मन वळणाचे उच्चार माझ्या कानात बसलेले होते, त्यामुळे हा परका आवाज फारच खुपला. पुढे त्याचा कुठलाही जुना चित्रपट लावला, की आधी हीच शंका यायची: हा बोलतोय तो तोच ना? तुम्हाला कदाचित याचं काही वाटणार नाही. मला मात्र नट अर्धा कानांनीच कळतो.

लॉन्सडेलचे वडील इंग्रज, आई फ्रेंच. दोन्ही भाषा घरच्या. ‘द डे ऑफ द जॅकल’मधला (१९७३) पोलीस अधिकारी इंग्रजी बोलतो. फ्रेंच दिग्दर्शक त्र्युफोच्या ‘स्टोलन किसेस’मधला (१९६८) बुटांचा दुकानदार फ्रेंच बोलतो, आपण कोणालाच का आवडत नाही, हे शोधायला तो गुप्तहेर लावतो. आवाज तोच, मऊ, किंचित थकलेला. फ्रेंच लेखिका-दिग्दर्शिका मार्गेरित द्युराच्या ‘इंडिया साँग’मध्ये (१९७५) तर बोलताना कोणाचे ओठच हलत नाहीत. लाहोरहून कलकत्त्याला आलेला हा फ्रेंच उपवाणिज्यदूत झिडकारला जातो, आणि मग पडद्याबाहेरून त्याचा आक्रोश ऐकू येत राहतो. चेहरा दिसत नाही, तरी माणूस ओळखू येतो.

‘मूनरेकर’ या बाँडपटातल्या (१९७९) खलनायकावरून त्याच्याबद्दल मत बनवू नका. सुरुवात ‘ऑफ गॉड्स अँड मेन’पासून (२०१०) करा, सहायक भूमिकेचं सेझार, म्हणजे फ्रान्सचं मानाचं चित्रपट पारितोषिक, त्याला याच कामासाठी मिळालं. अल्जेरियातल्या मठातला हा म्हातारा डॉक्टर. गावातली एक मुलगी त्याला विचारते, प्रेमात पडलं हे कसं कळतं? तिच्याशेजारी बाकावर बसून तो सांगू लागतो, सावकाश, एकेक शब्द शोधत.