मोल्सवर्थचा कोश आणि ‘सदोष’ मनुष्यवध

अपघाताच्या बातमीत ‘सदोष मनुष्यवधाचा गुन्हा दाखल’ असे वाचून माझ्या भाच्याने विचारले, “मामा, विजेचा मीटर सदोष असतो, वध सदोष कसा असेल? नीट जमला नाही म्हणून?” हसू आवरून मी मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश काढला. १८५७ सालच्या दुसऱ्या आवृत्तीचे, पुण्याच्या शुभदा-सारस्वत प्रकाशनाने काढलेले हे पुनर्मुद्रण मी अनेक वर्षे वापरतो आहे, आणि शब्दकोशाची परीक्षा अशाच प्रश्नांवर होते.

अर्थाच्या बाबतीत कोश पुरून उरतो. ‘दोष’ या शब्दात उणीव आणि पातक हे दोन्ही अर्थ नांदतात, हे त्यातून लगेच उमगते. मीटरमधला दोष म्हणजे उणीव. वधातला दोष म्हणजे करणाऱ्याच्या माथी बसणारा ठपका. कायद्याच्या मराठीने ‘सदोष’ योजला तो या दुसऱ्या अर्थाने.

व्युत्पत्ती सांगताना मात्र मोल्सवर्थचा हात आखडता आहे. शब्दापुढे संस्कृत, फारसी, अरबी अशी भाषा दाखवणारे अक्षर असते आणि बहुतेक ठिकाणी गाडी तिथेच थांबते. ‘गुन्हेगार’मधला ‘गार’ हा ‘करणारा’ दाखवणारा फारसी प्रत्यय आहे, किंवा अरबीतून आलेल्या ‘कसूर’च्या मुळाशी ‘आखूड असणे, कमी पडणे’ ही कल्पना आहे, हे शोधायला दुसरीकडेच जावे लागते. सर्वांत देखणी कथा ‘अपराध’ची आहे. ‘राध्’ म्हणजे साधणे. त्याला ‘अप’ लागला की हुकणे. ज्याचा बाण लक्ष्यावरून ढळला अशा धनुर्धराला अमरकोशात ‘अपराद्धपृषत्क’ म्हटले आहे, म्हणजे नेम चुकलेला तिरंदाज आणि आरोपीच्या पिंजऱ्यातला अपराधी हे एकाच धातूचे निघाले. तेव्हा मोल्सवर्थच्या शेजारी एक संस्कृत कोश असावाच.

ग्रंथ जाड आहे, टाइप बारीक आहे, आणि अर्थ इंग्रजीत असल्याने ती भाषा न येणाऱ्याला त्याचा उपयोग थोडाच. शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर तो विनामूल्य पाहता येतो. तरी शेजारच्या नोंदींवर रेंगाळण्याचे सुख छापील पानातच, असे माझे जुनाट मत आहे.

भाच्याने यातले एवढेच उचलले आहे की, कॅरमची सोंगटी हुकली की तो गंभीरपणे ‘अपराध झाला’ म्हणतो.