एकच लांब स्क्रिप्ट की सुटी फंक्शन्स?

रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या आरोग्य केंद्रांच्या तापाच्या नोंदी संगणकावर जुळवायला एकच लांब स्क्रिप्ट, म्हणजे वरून खाली चालणारा छोटा प्रोग्रॅम, पटकन उभी राहते. एकदाच्या अहवालाला ती पुरतेही. पण दुसऱ्या जिल्ह्यासाठी तीच कॉपी केली की प्रत्येक दुरुस्ती दोन्हीकडे करावी लागते, आणि एखादी हमखास राहून जाते.

सुट्या फंक्शन्सना, म्हणजे एकेकच काम करणाऱ्या आणि पुन्हा वापरता येणाऱ्या कोडच्या तुकड्यांना, सुरुवातीला वेळ लागतो. मात्र ‘लेप्टो’, ‘लेप्टोस्पायरोसिस’ अशा एकाच आजाराच्या नोंदी आयसीडी-१० या आजारांच्या आंतरराष्ट्रीय कोडयादीतल्या ए२७ कोडवर आणणारं फंक्शन एकदा लिहून त्याला ते बरोबर चालतंय का हे तपासणारी टेस्ट जोडली, की माकडतापाचा ए९८.२ नावं-कोडच्या तक्त्यात एक ओळ वाढवून येतो. तारखांचे फॉरमॅट, तालुक्यांची नावं कोडबाहेर, सेटिंगच्या कॉन्फिग फाइलमध्ये ठेवावीत. टेस्टमध्ये रुग्णांची खरी नावं तर कधीच नकोत! पावसाळ्यात पुन्हा पुन्हा अहवाल काढायचे असतील तर मी डोळे झाकून सुटी फंक्शन्सच निवडेन.